एका ‘ए’चा फरक

ओगलाला, नेब्रास्का. मार्च संपत आलेला.
गेल्या जूनच्या गारांनी ज्या छपराची चाळण केली
त्याच्याखाली लिओटा क्रेमरनं मला बोलावलं.
म्हणाली, ‘मिस्टर गॅड्री, तुम्हाला लोखंडातलं कळतं.’

मला कळतं ते पंपांचं.
मक्याच्या शेतात गोल फिरणाऱ्या पाण्याच्या यंत्रांचे सुटे भाग
मी मायक्रोमीटरनं मोजतो, पास करतो, बाद करतो.
बंदूक कधी हातात धरलेली नव्हती.
खंडेनवमीला आमच्या पाटावर असायची
वडिलांची कापड बेतायची कात्री आणि एक पान्हा;
हळदकुंकू वाहिलं की दोघांना दिवसभर सुट्टी.

स्वयंपाकघरातल्या टेबलावर फुलाफुलांची जुनी चादर,
तिच्यावर दोघी आडव्या.
सख्ख्या बहिणीच:
अक्रोडाचं लाकूड तेच, नाकाची ठेवण जवळजवळ तीच,
बोल्ट मागे ओढला की खांदा उडवायची लकबही तीच.
थोरली एम-वन. धाकटी एम-वन-ए.
नावात फरक फक्त एका ‘ए’चा.
एक विकायची, छपरासाठी.
नॉर्थ प्लॅटचा माणूस शनिवारी येणार होता,
म्हणाला होता, कुठलीही चालेल, पैसे रोख.

मी चष्मा पुसला आणि कामाला लागलो.
थोरलीची नळी तोंडाशी झिजलेली,
धाकटीची कोरी म्हणावी इतकी.
थोरलीला आठच गोळ्या, त्याही पोलादी चिमट्यात बांधून
वरून, अंगठ्यानं, पोटात ढकलायच्या.
धाकटीला खालून डबा लावा. खट्. झालं.
धाकटीचं काडतूस बोटाच्या पेराएवढं आखूड,
धक्का किंचित कमी.
वजनाला दोघी सारख्याच,
तान्ह्या मुलाहून जड, आणि तितक्याच अवघडत उचलाव्या अशा.

‘कागदावर धाकटी उजवी,’ मी म्हणालो,
आणि माझं मलाच ओशाळं वाटलं;
मुलगी बघायला आलेल्या मामासारखा बोलत होतो मी.

लिओटानं स्वतःचा अंगठा वर धरला.
‘डेल्बर्टचं हे नख. दर ऑक्टोबरात काळं.
बोट वेळेवर काढलं नाही की थोरली चावते.
सत्तेचाळीस ऑक्टोबर मी त्यावर बर्फ बांधला.
दुखतंय, असं एकदाही म्हणाला नाही.’

‘मग थोरलीच ठेवा,’ मी म्हणालो, ‘आठवण.’
(आमच्याकडे असंच म्हणायची पद्धत आहे.
जुनं ते सोनं, आणि सोनं मोडू नये.)

‘छे. विकायची ती तीच.
धाकटी त्यानं कर्ज काढून घेतली, माझ्याशी भांडून,
आणि दोन हंगामांत गुंडाळून ठेवली.
म्हणाला, फार सोपी आहे.’
तिनं चादरीची एक सुरकुती तळव्यानं सारखी केली.
‘मला आता घरात काहीतरी सोपं हवंय.’

नंतर खिडकीतला रिकामा चिमटा काढला.
त्यात विजेची बिलं खोचलेली होती, ती एकेक सोडवली.
‘हा मात्र त्याला देणार नाही.
शेवटची गोळी गेली की थोरली हा बाहेर फेकायची,
आपण रिकामी झालो ते आपल्या तोंडानं सांगायची. ऐका.’
आणि चिमटा तिनं हातातून फरशीवर सोडला.

टिंग.

शेगडीपाशी निजलेलं म्हातारं कुत्रं उठलं,
मागचे पाय सावरत, घाई न करता,
दाराशी जाऊन उभं राहिलं,
घरी जायची वेळ झाल्यासारखं.