पान चार, ओळ अकरा

तार्तू शहरात एक वस्ती आहे, तिथल्या गल्ल्यांना भाज्यांची नावं.
वाटाणा, बटाटा, घेवडा.
घेवड्याच्या गल्लीत लाकडी घरं अशी खेटून
की एकाने शिंक आवरली तर दुसऱ्याच्या नाकात हुळहुळतं.
तिथून आला हा खटला.

मी कोर्टात टंकलेखिका. सत्त्याण्णवचा फेब्रुवारी,
खिडक्यांना आतून बर्फ,
टाइपरायटरची एक कळ गारठून अडकलेली.

वादी वीर्वे लेपासार, वय एकाहत्तर, जन्मभर जमिनी मोजल्या.
प्रतिवादी यूलो राउदमा, लोकर पिंजतो.
यंत्र त्याने बंद पडलेल्या सामुदायिक शेतीच्या कोठारातून आणलं
ट्रकभर सरपणाच्या बदल्यात,
आणि बसवलं नेमकं तिच्या उशालगतच्या भिंतीला.
चौदा महिने दोघांत बोलणं नाही.
तिने केरसुणीच्या दांड्याने भिंत ठोकायची,
याने पट्टा चढवायचा.

मोजणीवाला आला त्या दिवशी यंत्र नेमकं बंद.
त्याच्या कागदावर फक्त बटाटा गल्लीतला कुत्रा.

मग आवाज आहे तरी कसा, न्यायाधीशांनी विचारलं.

बाई उभ्या राहिल्या. चष्मा काढून टेबलावर ठेवला.
"खट्ट. घर्र घर्र घर्र. खट्ट.
आणि दर सातव्या फेरीला एक हुंदका."
तो हुंदका त्यांनी काढून दाखवला.
मागच्या बाकावर कुणी हसलं, मग हसायचं थांबलं.

यूलो उठला, वकिलाने बाही ओढली तरी.
"हुंदका नाही तो. पट्टा सरकतो.
आणि सातव्या नाही, नवव्या फेरीला."
"ऑक्टोबरपर्यंत सातव्या."
तो गप्प. बोटांवर मोजत राहिला,
लोकरीच्या तेलाने काळी पडलेली बोटं.
"खरंय. ऑक्टोबरात चाक बदललं. दोन दाते जास्तीचे."
मग त्याने स्वतःच काढून दाखवला, जरा खालच्या पट्टीत,
आणि बाईंची मान हलली
सम बरोबर सापडल्यावर हलते तशी.

दोन जाणती माणसं भर कोर्टात घरघरत होती,
एकमेकांना दुरुस्त करत,
त्याच्या बायकोनेही इतकं कान देऊन कधी ऐकलं नसेल ते यंत्र,
आणि न्यायाधीश माझ्याकडे बघत होते: लिहिताय ना?

काय लिहू? माझ्या कळांत घर्र नाही.
मी लिहिलं: आवाजाबाबत उभय पक्षांत दुमत नाही.
त्याखाली: हुंदका. एकदा वादी, एकदा प्रतिवादी.

निकाल: सकाळी आठ ते संध्याकाळी सहा. यंत्राच्या पायांखाली रबर.
खर्च ज्याचा त्याने.
जिन्यात बाई म्हणाल्या, तो पट्टा बदल.
तो म्हणाला, पैसे तुम्ही द्या.
बोलणं सुरू झालं, एवढंच.

एप्रिलात दोघांनीही अपील केलं.
वरच्या कोर्टाने माझी प्रत परत पाठवली,
समासात लाल शाई:
पान चार, ओळ अकरा.
हा हुंदका नक्की कुणाचा?