वेत भिजत घातलाय

रात्री न्हाणीत बादली भरून
वेताची वेटोळी बुडवून ठेवली,
नलूला बजावलं : सकाळी ती बादली आंघोळीला घेऊ नकोस.

गणपती पेठेतला दुकानदार म्हणत होता,
"बाई, प्लॅस्टिकची पट्टी न्या की.
नातवाच्या लग्नापर्यंत हलायची न्हाई."
मला नातू नाही. त्याला सांगितलं नाही.
वेताचं भेंडोळं तेवढं वजन करून घेतलं.

खुर्ची पाटबंधाऱ्याच्या कचेरीतली.
मागच्या पायावर पांढऱ्या रंगात १४७.
लिलावात नव्वद रुपयांना.

उन्हाळ्यात व्हरांड्यात बारा खुर्च्या उलट्या पडायच्या,
मधोमध इलाही मुजावर,
मिरजेहून पहिल्या बसनं आलेला,
डोळे कुठंतरी पाण्याच्या टाकीकडे,
बोटं भोकांवर.
एकदा विचारलं, चुकत नाही का हो?
"चुकतंय की, मॅडम.
पर डोळंवाल्यास्नी दिसत न्हाई."

व्हाउचर मी करायची.
खुर्ची नग एक, रुपये अठरा.
त्याच्या अंगठ्याचा ठसा कधी उमटायचाच नाही,
नुसता निळा गोळा.
साहेब म्हणायचे, परत घ्या.
मी परत घ्यायची. परत निळा गोळा.

दाभणानं जुना वेत उकरला.
भोकांतून निघाली धूळ, एक गंजकी टाचणी,
पंचिंग मशीनचे गोल गोल कागद,
कुणाच्या रजेचे, कुणाच्या बदलीचे.
निवृत्तीच्या दिवशी आणलेल्या
लाल-निळ्या पेन्सिली छाटून खुंट्या केल्या.
आधी उभ्या पट्ट्या, मग आडव्या, परत उभ्या.
चकाकती बाजू वर. पीळ पडू द्यायचा नाही.
ताण किती द्यायचा, ते कळायला
चार पट्ट्या तुटाव्या लागल्या.

तिसऱ्या दिवशी तिरप्या ओळींना बसले.
सकाळपासून चष्मा, खिडकी, ट्यूबलाइट,
सगळं नीट दिसत होतं.
संध्याकाळी लाईट गेली.
सहज हात फिरवला, आणि बोटाला लागलं :
मधली एक पट्टी खालून जायची, ती वरून गेलीय.
उसवायचं तर सहा पट्ट्या जाणार
आणि बादलीत उरलाय हातभर वेत.

माझा अंगठा सोलून गुळगुळीत झालाय,
पेपरवाल्याच्या पावतीवर सही करताना हुळहुळतो.

नलू मेणबत्ती शोधायला उठली.
म्हटलं, थांब जरा,
दोन भोकांचं राहिलंय,
तेवढं होऊ दे.