आत कोण शिरलंय

एर्मेते झान्द्रीनी बावीस चित्रपटांत मेला,
बहुतेकदा मध्यंतराच्या आत.
भाल्यानं, विषानं, दोनदा घोड्यावरून पडून,
एकदा तर नुसताच, संकलकाला घाई होती म्हणून.

हे त्यानंच सांगितलं मला,
तुस्कोलाना रस्त्यावरच्या तिसऱ्या मजल्यावर,
जिथे मी पानामागे चाळीस लिरा घेऊन
लोकांची हस्तलिखितं टंकत असे.
"मरणं जमतं," म्हणाला, "बोलायला दुसरा आहे."

खरंच होतं. त्या काळी रोममध्ये
चेहरा एकाचा, कंठ दुसऱ्याचा.
ह्याच्या ओठांवर बोलायचा गाल्यानो तोस्की,
बुटका, दमेकरी, आवाज मात्र मखमल.
एर्मेतेचा स्वतःचा आवाज पो नदीच्या गाळातला,
'स'चा 'श' करणारा.
तो कात्रीखाली जायचा आणि झाडूनं गोळा व्हायचा.

एकदा आई आली गावाहून,
ओल्या फडक्यात दोन वाम मासे गुंडाळून.
पडद्यावर पोरगा सेनापती होऊन गरजला,
तशी शेजारणीला म्हणाली,
"तोंड आमच्याच पोराचं. आत कोण शिरलंय?"

त्या रात्री त्यानं पहिलं पान लिहिलं.

लिहिलं म्हणजे काय, खोलीभर फिरत बोलला,
मी टंकत गेले.
मध्येच थांबून म्हणायचा, हे खोड, हे मखमलीचं आहे.
नऊ पटकथा. पाच धूळ खात पडल्या,
एक दुसऱ्याच्या नावावर गेली,
माझे साडेतीन हजार लिरा अजून येणं आहेत.

मग एका डिसेंबरात, ध्वनिमुद्रणाच्या खोलीत,
तोस्की एका वाक्याला अडला.
नायक वेगळा, तरणा, दात पांढरेशुभ्र.
वाक्य साधंच : आई, दार ओढून घे, धुकं आत येतंय.
"हे जिभेवर बसत नाही," तोस्की म्हणाला.
एर्मेते काचेमागून उठला, म्हणून दाखवलं.
तोस्कीनं चष्मा पुसला.
सात वेळा म्हटलं त्यानं, खोकत,
सातव्यांदा 'श' आला.

नामावलीत झान्द्रीनीतला एक 'न' गळाला होता.
त्यावरून तो माझ्यावर उगाच ओरडला.

पुढचं मी पाहिलेलं नाही,
गावच्या थेटरातल्या तिकीटवाल्यानं त्याला सांगितलं,
त्यानं मला :
त्या वाक्याला म्हातारी अंधारात उठली,
गुडघे चाचपडत मागे गेली,
आणि थेटराचं दार
नीट ओढून घेऊन
परत जागेवर येऊन बसली.