शाळा सोडल्याचे कारण

जनरल रजिस्टर नंबर एक
कपाटात आडवं ठेवावं लागतं,
उभं केलं की त्याची पाठ मोडते.
पहिली बावीस पानं मोडीत.
मागच्या हिवाळ्यात तहसीलमधून एक वाचक आले,
भिंग लावून, श्वास आवरून,
लोकांचे पणजोबा शोधत बसले दोन दिवस.
जाताना एवढंच म्हणाले,
बाई, शाई चांगली होती तेव्हाची.

पुढं बाळबोध लागतं.
नाव, जात, बापाचा धंदा,
आणि शेवटचा रकाना, सगळ्यांत अरुंद:
शाळा सोडल्याचे कारण.
मानमोडीच्या सालात एका पानावर
खाली खाली सहा वेळा मयत.
सहाव्याला अक्षर बदललंय.
मास्तर बदलले असतील,
किंवा नुसता हात.

एक जूनला अख्खं गाव जन्मलेलं.
उजवा हात डोक्यावरून डाव्या कानाला लागला
की पोरगं सहा वर्षांचं,
मुजावर गुरुजी दारातच मोजायचे म्हणे,
आणि आखूड हातांची पोरं
आणखी एक वर्ष शेरडांमागं.

येरळा वाळूची होती तेव्हाही.
चौथी झाली की कुणाचा तरी मामा यायचा,
बोटात अंगठी, टेरिकॉटचा शर्ट,
आणि पोरगं विट्याच्या एसटीत.
कारण: गलाई.
कारण: गलाई, मदुरा.
कारण: चुलत्यासोबत कानपूर.
मुलींच्या रकान्यात फक्त 'घरी',
अंजिरा दादू मदनेपुढं तेही नाही,
आडवी रेघ, मध्येच थांबलेली.

परवा पांढरी गाडी आली, तमिळ पाटीची.
सत्तरीचे गृहस्थ, चपला पायरीखाली काढून
ऑफिसच्या दारात उभे.
जालिंदर ज्ञानू हसबे. दाखला पाहिजे.
कशासाठी, विचारलं, अर्जात लिहावं लागतं.
ते भिंतीवरच्या नकाशाकडं बघत राहिले.
लिहा काहीतरी, म्हणाले, तुमच्या सोयीनं.
मराठी नीट होतं, फक्त 'ळ' जास्त जड,
आणि बोटांच्या टोकांना तेजाबाचे डाग,
न जाणारे.

नोंद दोन हजार दोनशे चौदा.
प्रगती बरी. वर्तणूक चांगली.
चांगली? ते हसले. दौत पळवलीवती मी,
गुरुजींना ठावं होतं.
मग शेवटचा रकाना.
त्यांना वाटलेलं, गलाई असेल.
होतं: सतत गैरहजर, नाव कमी केले.
आणि बाजूला, समासात,
पेन्सिलीनं, इतकं फिकट
की पान खिडकीशी तिरकं धरावं लागलं:
येईल.

पेन्सिलीचं दाखल्यावर उतरवता येत नाही.
नियम आहे. मी शाईचं तेवढं लिहिलं,
सही केली, शिक्का मारला,
शिक्का जरा वाकडा पडला.
त्यांनी घडी न घालता कागद हातात धरला,
ओला असल्यासारखा.

जाताना विचारलं, घंटा तीच का?
तीच. रुळाचा तुकडा, चिंचेला टांगलेला,
फांदीनं आता तार गिळलीय.
वाजवू का, म्हणाले. मी काही म्हणायच्या आत
त्यांनी लोखंडी दांडा उचलला
आणि ठोके दिले, एक नव्हे,
मोजले नाहीत मी.

सव्वीसचा पट, सव्वीस ताटं,
पोरं धावत बाहेर.
वत्सलामावशी उलथनं घेऊन ओरडल्या,
अगं बया, वाटाणा कच्चाय अजून!
रांग तर लागलीच होती.
आरोही खिलारेनं त्यांच्याकडं वर बघितलं
आणि स्वतःच्या पुढं थोडी जागा केली:
आजोबा, ताट आणलं नाही?

पावणेबारा वाजले होते.
शेरेवहीत मी लिहिलं:
आज मधली सुट्टी अर्धा तास लवकर.
कारणाचा रकाना
त्या वहीत नाही.