बिनभिंतीचं दार

देवणीकर सर दुकानात आले, म्हणले, नागनाथ,
एक दार पाहिजे. चौकटीसकट. भिंत नको.
मी म्हणलो, भिंत नाही तर दार कशाला?
सर म्हणले, हेच विचारत विचारत
तो माणूस सात नाटकं लिहिला.

माणूस फ्रान्सचा. लुसियाँ वेरदो.
सर प्लायच्या तुकड्यावर नाव लिहून दाखवले.
शेवटी एक टी. लिहायचा, म्हणायचा नाही.
मग लिहायचा कशाला?
सर चहा पिले अन् गेले.

तालीम शाळेत, रात्री नवानंतर.
मी कोपऱ्यात रंधा मारायलो,
सर पोरांना त्याची गोष्ट सांगायले, रोज थोडी थोडी.
बाप रेल्वेच्या फाटकावर.
आई लोकांचे कपडे इस्त्री करायची.
लढाईत विमानं आली तेव्हा पोरगं नऊ वर्षांचं, शाळेत.
परत आलं तर दार जागेवर, कुलूप जागेवर,
घर नाही.
चावी गळ्यात.
पोरगं कुलूप काढलं, आत गेलं,
म्हणजे बाहेरच गेलं,
अन् मागं वळून कडी लावून घेतलं.

माझा रंधा थांबला.
सर म्हणले, आवाज बंद केलास ते बरं केलास.

पुढं तो पॅरिसमधी
नाटकाच्या सुताराच्या हाताखाली लागला.
तोंडात खिळे धरून वीस वर्षं.
हे ऐकून मला जरा बरं वाटलं.
पहिल्या प्रयोगाला अकरा माणसं, चार मधीच उठली.
बायको नटी. तिच्यासाठी भूमिका लिहिला,
तिच्यात तिला एक वाक्य नाही.
ती सोडून गेली,
पण ती भूमिका दुसरीला करू दिली नाही.
मेला तेव्हा आठवं नाटक अर्धं होतं.
शेवटची ओळ: ती कडीला हात लावते.

दार मी नवं केलो नाही.
सरांकडं आठशे रुपये, त्यात सागवान कुठलं?
आत्याच्या गावाहून आणलो.
गणपती बुडवले त्या रात्रीनंतरच्या पहाटेला
ढिगाऱ्यातून काढलेली चौकट,
दोन वर्षं पत्र्याच्या शेडमागं ताडपत्रीखाली.
वरच्या पट्टीवर मलेरियावाल्याचा आकडा, खडूचा,
पुसला नव्हता.
मीबी पुसलो नाही.

स्पर्धेचा दिवस. लातूर केंद्र.
पडदा उघडला, दारावर एक पिवळा दिवा.
शफीक आला, पाय पुसला,
नसलेल्या घराच्या दारावर टकटक केला.
सर बजावून ठेवले होते, इथं लोक हसतील,
हसू ओसरेपर्यंत थांब.
शफीक थांबला.
कुणी हसलं नाही.
खोकलंसुदीक नाही कुणी.
शफीक पुढचं वाक्य म्हणला: आत कोण आहे?

तिसऱ्या रांगेतून एक बाई बोलली,
कोणी नाही बाबा.

हे पुस्तकात नव्हतं.
विंगेत बिराजदार प्रॉम्प्टिंग करायचं विसरला.
शफीक किती वेळ उभा होता, मला सांगता येणार नाही.
मग खाली वाकून चपला काढला,
उंबऱ्याच्या बाहेर नीट जोडीनं ठेवला,
अन् आत गेला.
हेबी पुस्तकात नव्हतं.

परीक्षक लिहून दिले: असंगत नाट्याची समज चांगली,
प्रेक्षकांचा प्रतिसाद थंड.
नेपथ्याला तिसरं बक्षीस. कप माझ्या दुकानात आहे,
त्याच्यात स्क्रू ठेवतो.

चौकट परत नेऊन दिलो.
सरकारी घराला लोखंडी दार, ही बसत नाही.
आत्या ती शेवग्याला टेकवून ठेवली,
येता-जाता तिच्यातून वाकून जाते,
बाजूनं मोकळी वाट असताना.

सुताराचं एक असतं. कुसू खाचेत गेलं
की परत दिसत नाही.
पोरगा विचारतो, मग एवढं घासून कशाला घालता?
मी त्याला फ्रान्सचं नाव लिहून दाखवतो,
शेवटच्या टीसकट.
तो मोठ्यानं टी म्हणतो.
मी काही बोलत नाही.