ए दाबा

मालवणात माझं दुकान, एसटी स्टँडच्या मागे.
पाटीवर लिहिलंय ‘सर्व प्रकारचे कम्प्युटर’,
प्रत्यक्षात प्रकार दोनच येतात:
मिठाने खाल्लेले आणि पोरांनी बिघडवलेले.

लवू तांडेलांचा फोन आला तेव्हा बंदीचे दिवस.
होडी झापांखाली, जाळी पोटमाळ्यावर,
माणूस घरात.
“गेम उघडता,” म्हणाले, “पण सगळा घर घेता.”

देवबाग म्हणजे एक पट्टी.
डाव्या खिडकीत दर्या, उजव्या खिडकीत कर्ली,
मधे रस्ता, समोरून रिक्षा आली तर
कुणाच्या तरी अंगणात शिरावं लागेल एवढाच.
इथे कुठलंही पाणी अख्खं दिसत नाही,
माडांनी कापून कापून दिलेलं असतं.

गौरेश मडगावला नोकरीला गेला
तेव्हा कम्प्युटर ठेवून गेला, कंट्रोलर घेऊन गेला.
जाण्याआधी बापाला ट्रकचा गेम शिकवला:
बर्फाच्या देशातून लाकूड न्यायचं,
डिझेल जपायचं, वेळेत पोचायचं.
तांडेलांना लगेच जमलं.
चाळीस वर्षं वेगळं काय केलं होतं?

पण उघडताना आधी येतो काळा पडदा,
या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत.
घड्याळ गिळतो, भरतीचं वेळापत्रक गिळतो,
तळहाताएवढे चौकोन मांडतो
आणि खाली एक हिरवा गोल:
ए दाबा.

“कोणाक हाक मारता ता?
माका ‘ए’ म्हणणारो एकच होतो, माझो बापूस.
तेका जावन वीस वर्षां झाली.”
कीबोर्डवरचं ते अक्षर
दाबून दाबून पार पुसलं होतं.

मी सेटिंगमध्ये शिरलो. टिक काढली.
बंद, चालू.
पडदा हजर.
शॉर्टकटच्या शेपटीला चार अक्षरं बांधली,
खिडकीतच उघड, म्हणून बजावलं.
उघडला खिडकीत,
आणि दोन श्वासांत पुन्हा फुगला, पुरीसारखा.
रतनकाकींनी चहा ठेवला होता, त्यावर साय धरली.
तांडेल काही बोलले नाहीत.
इंजिन बंद पडलेल्या होडीत
शहाणा माणूस गप्प बसतो.

मग कॅबिनेटच फिरवलं.
मागे कोळिष्टकं, पत्र्यावर पांढरं मीठ,
आणि अगदी खालच्या खोबणीत
नखाएवढा एक काळा तुकडा, मिणमिणता:
कंट्रोलरचा रिसीव्हर.
कंट्रोलर तिकडे, भाड्याच्या खोलीत,
हा इथे बसून यंत्राला सांगत होता
हात आहे, हात आहे, आत्ता धरेल.
आणि यंत्र दर वेळी ताट मांडत होतं.

ओढून काढला.

ट्रक उघडला, पोस्टकार्डाएवढ्या खिडकीत.
आत बर्फ. खाली चार वाजून बारा मिनिटं.
बाजूला भरती, सहा एकोणचाळीस.
तांडेलांनी माऊसने कोपरा धरला,
खिडकी थोडी ताणली, थोडी सोडली,
मग पुन्हा थोडी ताणली.
“आता बरा. माझा पाणी माका दिसूक होया.”
जाणार कुठेच नव्हते,
अजून महिना होता बंदी उठायला.

तुकडा मी टेबलावर ठेवला.
काकींनी उचलला, पदराला पुसला,
“चवथीक येतलो तेवा लागतलो तेका,”
आणि सुक्या मिरच्यांच्या डब्यात टाकून
झाकण दाबून बसवलं.

दीडशे रुपये, वर कागदात चार सुके बांगडे.
मी स्कूटरला किक मारतोय
तोच आतून गियर करकरल्याचा आवाज,
आणि त्यावर तांडेलांचा, वाऱ्यातून ओरडायची सवय असलेला:

“ए! मागे घेवचो कसो ह्यो?”

हिरवा गोल कुठेच नव्हता.
मी स्कूटर स्टँडला लावली.