कुडाळ गाडीचा हॉर्न

वेंगुर्ल्यात, बर्फाच्या फॅक्टरीमागे
माझ्या खोलीत अजून तो जुना कॉम्प्युटर आहे.
चालू व्हायला सात मिनिटं घेतो,
तेवढ्यात माझा अर्धा चहा आणि एक शिवी होते.

त्यात तो सॅम्पलर.
करडी खिडकी, तांदळाएवढी बटणं.
बनवणारी कंपनी केव्हाच बुडाली,
याला कुणी कळवलं नाही.

दोन हजार तीन. सगुण मेस्त्री
रात्रभर दशावतारात मृदंग वाजवून
जत्रेतून थेट इथे आले, तांबारल्या डोळ्यांनी.
खिडकीला गोधड्या, पंखा बंद.
डाव्या पुडीला कणीक थापली
आणि एकेक बोल देत गेले,
हळू, मध्यम, जोरात,
आणि एकदा, मी फार वेळा थांबवलं म्हणून, रागाने.

शेवटच्या ‘थुं’च्या शेपटात
बाहेर एसटीचा हॉर्न वाजला.
“परत घेऊया,” मी म्हटलं.
“ती माझी गाडी,” म्हणत
मृदंग खांद्याला मारून ते धावलेसुद्धा.
मी दीडशे रुपये दिले होते.
कीबोर्डवर कणीक राहिली.

मग तो हात सीडीवरून गेला, पेनड्राइव्हवरून गेला,
हळदीच्या गाण्यांत, आरत्यांत,
मस्कतच्या भजनी मंडळात.
जिथे ‘थुं’, तिथे खाली, केसाएवढा,
कुडाळ गाडीचा हॉर्न.
मलाच ऐकू येतो.

मला वाटायचं, मलाच.

मठच्या एका लग्नात स्टेजवर वाजवणारा कुणी नव्हता,
एक पोरगा, दोन बोटं, कीबोर्ड.
मेस्त्री माझ्या शेजारच्या खुर्चीवर,
ताटातली सोलकढी तशीच.
“हो हात माझोच मां?”
मी मान हलवली.
खूप वेळ ऐकत राहिले.
“पण दमणा नाय कसो?”
हॉर्न आला तेव्हा नकळत
पायाखालची पिशवी त्यांनी उचलली.

ते गेले त्याला आता चार वर्षं.
काल परुळ्याचा निखिलेश आला,
लॅपटॉपमध्ये जगभरची चामडी, धुतलेली, चकचकीत.
“काका, तो जुना ‘थुं’ द्या.”
दिला. त्याने हॉर्न पुसून पाहिला,
ठोका आडवा पडला.
काही न बोलता परत ठेवला.

हल्लीच्या गाडीचा हॉर्न वेगळ्याच पट्टीत आहे.
स्टँडवर तो वाजतो,
आणि कुणी धावत नाही.